कॅनबेराच्या पोटाखालची काच

आमच्या ह्यांना भाषणाचं आमंत्रण आलं तेव्हा त्यांना झालेला आनंद मी मुलीच्या लग्नातसुद्धा पाहिला नव्हता. निवृत्त लोकांचं एक मंडळ आहे, विमानांच्या कारखान्यात आयुष्य घालवलेल्यांचं. त्यांना कॅनबेराचा इतिहास ऐकायचा होता. कॅनबेरा म्हणजे खूप उंचावरून शत्रूच्या मुलखाचे फोटो काढणारं जेट विमान. ह्यांनी उभी नोकरी त्या विमानाच्या पोटाखाली काढली, आणि हे मी खरोखरच्या अर्थानं म्हणतेय. कॅमेरे विमानाच्या पोटात असतात आणि ते बसवणाऱ्याला खाली उताणं पडून वर हात घालावे लागतात. लग्न झालं तेव्हा ह्यांच्या शर्टांच्या पाठी मळलेल्या असायच्या आणि पुढून ते अगदी स्वच्छ असायचे. साबण लावताना मला त्याची गंमत वाटायची.

आता ह्यांचे हात थरथरतात. कपातला निम्मा चहा बशीत जातो. म्हणून ठरलं, हे सांगतील आणि मी लॅपटॉपवर टाइप करीन. मल्लेश्वरममधल्या आमच्या घरी, जेवणाच्या टेबलाशी, सकाळची दुसरी कॉफी झाली की बैठक सुरू. हे खिडकीकडे तोंड करून बोलायचे. मध्येच थांबून "काय लिहिलंस, वाच" म्हणायचे आणि मी वाचलं की माझं मराठी सुधारायचे.

माझं माहेर इथलंच, बेंगळूरचं. आमची माणसं तीन-साडेतीनशे वर्षांपूर्वी इकडे आली आणि इथलीच झाली. घरात भाऊ म्हणजे अण्णा, बहीण म्हणजे अक्का, आणि मराठीत निम्मं कन्नड. हे पुण्याचे. लग्नाच्या पहिल्याच आठवड्यात म्हणाले होते, "तुझं मराठी म्हणजे बिसिबेळे भात आहे, डाळ, भात, भाजी सगळं एकात." मी "सरी", म्हणजे बरं, म्हणून सोडून दिलं. मला सोडून द्यायची सवय तेव्हापासूनची.

विमानाचा इतिहास मात्र ह्यांनी सांगावा आणि आपण ऐकावा. मूळ विमान इंग्रजांचं, बॉम्ब टाकण्यासाठी बनवलेलं. त्याचीच एक जात फोटोंसाठी केली. तिच्यात बंदूक नाही, बॉम्बही नाही. त्या जागी जास्तीचं इंधन आणि कॅमेरे. आत माणसं दोनच. एक उडवणारा, आणि दुसरा नाकात पालथा पडून, खाली बघत फोटोंची वेळ साधणारा. कुणी मारायला आलं तर उपाय एकच, इतक्या उंचीवर असायचं की कुणाचा हात पोचू नये. सुरुवातीची वर्षं नाही पोचला. चीनशी लढाई व्हायच्या वेळी ते उत्तरेच्या बर्फावरून फोटो काढून आलं. बांगलादेशच्या लढाईत होतं. पुढे क्षेपणास्त्रं त्या उंचीला पोचायला लागली, तरी आमचं म्हातारं उडतच राहिलं. अगदी शेवटी डोंगरातल्या लढाईत त्याच्या एका इंजिनात क्षेपणास्त्र लागलं आणि ते दुसऱ्या इंजिनावर घरी परत आलं. हे सांगताना ह्यांचे डोळे भरायचे आणि मी टाइप करायचं थांबवून पाण्याचा पेला पुढे करायची. पन्नास वर्षं सेवा करून ते निवृत्त झालं. आता तेच काम उपग्रह करतात, आणि त्यांच्या पोटाखाली कुणाला उताणं पडावं लागत नाही.

या इतिहासात एक पान माझंही आहे. फार जणांना ते ठाऊक नाही, आणि ज्यांना ठाऊक आहे त्यांना ते चुकीचं ठाऊक आहे.

विमान मोठ्या दुरुस्तीला बेंगळुरात यायचं. दुरुस्ती झाली की चाचणीचं उड्डाण व्हायचं. विमान उत्तरेला देवनहळ्ळीकडे जायचं, किल्ल्यावरून, तळ्यांवरून दोन फेऱ्या मारायचं, आणि कॅमेरे नीट चालतात की नाही हे बघायला फोटो काढून आणायचं. ती फिल्म आमच्या लॅबमध्ये धुतली जायची. मी तिथे साहाय्यक होते. ह्यांची आणि माझी ओळखही तिथलीच.

ती फिल्म म्हणजे घरच्या कॅमेऱ्यातला रोल नव्हे. वीतभर रुंद आणि गल्लीभर लांब. पूर्ण अंधारात ती टाकीतल्या दोन रिळांवर चढवायची आणि हँडल फिरवून या रिळावरून त्या रिळावर, त्यावरून परत यावर, औषधात बुडवत न्यायची. हात मध्ये थांबला, रेंगाळला, की तेवढ्या पट्ट्यात औषध कमीजास्त लागलंच. म्हणून मी मोजत फिरवायची. ओंदु, एरडु, मूरु, नाल्कु. शाळा कन्नड असल्यामुळे माझे आकडे कन्नडच. माझा हात चांगला होता. हे माझं मलाच सांगावं लागतंय, कारण त्या अंधारात माझ्या शेजारी काम केलेलं दुसरं माणूस आता कुणी उरलेलं नाही. लॅबमध्ये एकही बाई टेक्निशियन झालेली नव्हती. त्यासाठीच्या खात्याच्या परीक्षेला त्या वर्षी माझं नाव पाठवलं होतं.

एक नियम होता. फिल्म धुणाऱ्यानं फिल्म बघायची नाही. वाळली की डब्यात, डब्याला सील, आणि डबा तपासणीच्या खोलीत. सरकारी गुपित म्हणून. देवनहळ्ळीच्या द्राक्षमळ्यांत कसलं गुपित, पण नियम म्हणजे नियम.

लग्नाला वर्ष व्हायचं होतं तेव्हाची गोष्ट. दसऱ्यातल्या आयुधपूजेनंतरच्या पहिल्याच उड्डाणाची फिल्म मी धुतली. तिसऱ्या दिवशी लॅबच्या साहेबांनी मला बोलावलं आणि लॅबमधल्या सगळ्यांसमोर मेमो वाचून दाखवला. फिल्मवर जागोजागी पांढुरका धुरकटपणा आलेला आहे, धुताना हलगर्जीपणा झाला आहे. मला एक फोटो दाखवला. एकच. देवनहळ्ळीचा किल्ला, आणि खालच्या कोपऱ्यात, शेतांवर, दुधाचा हात लागल्यासारखा डाग. मी काय बोलणार? अंधारात काम केलेलं. हात रेंगाळला असेल, मला कळलं नसेल. परीक्षेच्या यादीतून नाव गेलं, माझी बदली आवक-जावकला झाली, आणि दोन वर्षं मी पाकिटांवर शिक्के मारले. मुलगी झाली तेव्हा राजीनामा दिला.

तपासणीच्या कागदावर, कॅमेऱ्याच्या बाजूनं काही दोष नाही म्हणून, सही ह्यांची होती. मला वाटायचं, बिचारे! बायकोच्या चुकीवर सही करायची पाळी आली. मला ह्यांची दया यायची, हे आज लिहिताना माझ्याच अंगावर काटा येतो.

पुढे त्या गोष्टीचा घरात विनोद झाला. दूध उतू गेलं की हे पाहुण्यांसमोर म्हणायचे, "अहो, हिच्या हातून सरकारची फिल्म गेली, तिथे दुधाचं काय घेऊन बसलात!" पाहुणे हसायचे. पुण्याहून सासूबाई आल्या की त्याही हसायच्या. मुलगी मोठी झाली, तिच्या हातून केक करपला तर ती म्हणायची, "अम्मावर गेलेय." मी पण हसायची. पण आमच्या घरातले अल्बम कुणी उघडून बघावेत. सगळ्या फोटोंत मी आहे. म्हैसूरला मी, गोकर्णला मी, मुलीच्या बारशाला मी. कारण कॅमेरा मी कधी हातात धरलाच नाही. कुणी दिला तर म्हणायची, नको बाई, माझ्या हातून बिघडेल.

भाषणाचं काम सुरू होऊन तीन आठवडे झाले असतील. हे संध्याकाळी फिरायला निघाले आणि जाता जाता म्हणाले, माळ्यावरच्या ट्रंकेत विमानाचा एक चांगला फोटो आहे तो काढून ठेव. मी स्टुलावर चढून ट्रंक उघडली. विमानाचा फोटो मिळाला आणि त्याच्या खाली एक खाकी पाकीट मिळालं. आत पाच फोटो होते, वीतभर चौकोनी, ओळीनं काढलेले. मी किल्ला लगेच ओळखला. मेमोबरोबर दाखवलेला फोटो त्यातला मधला होता.

असे फोटो एकमेकांवर निम्म्याहून कितीतरी जास्त चढलेले असतात, म्हणजे एका फोटोतलं बरंचसं पुढच्यातही येतं. मी ते टेबलावर शेजारी शेजारी मांडले. पहिल्यात किल्ला उजवीकडे. दुसऱ्यात थोडा आत. तिसऱ्यात मधोमध. चौथ्यात डावीकडे, आणि पाचव्यात जवळजवळ काठावर. विमान पुढे जात होतं, त्यामुळे किल्ला सरकत होता, मळे सरकत होते, तळं सरकत होतं. डाग सरकत नव्हता. पाचही फोटोंत तो त्याच कोपऱ्यात, त्याच मापाचा.

मी खुर्चीत बसले. हँडल फिरवताना चूक झाली तर ती फिल्मवर कुठेही उमटते, या फोटोत वर, त्या फोटोत खाली, दोन फोटोंच्या मध्ये. तिला फोटोची चौकट कळत नाही. दर फोटोत एकाच जागी डाग येतो तो एकाच कारणानं. कॅमेऱ्याच्या पुढे विमानाच्या पोटाला एक जाड काच असते, तिच्यावर काहीतरी लागलेलं असतं. हे त्या काळात मला पाच मिनिटांत कळलं असतं. म्हणून तर एकच फोटो दाखवला होता.

काय लागलं होतं तेही मला कळलं. आयुधपूजेला इथे सगळ्या यंत्रांना कुंकू लावतात. कारखान्यात तर सणच. विमानाच्या नाकाला हार, चाकांखाली लिंबं, कोहळा फोडायचा, कडलेपुरी, म्हणजे चणे-चुरमुरे, वाटायची. त्या सकाळी मी ह्यांना डबीतून कुंकू दिलं होतं. कोरडं कुंकू लोखंडाला धरत नाही म्हणून त्यात खोबरेल तेलाचे दोन थेंब मीच कालवले होते. ह्यांनी पान्यांना लावलं, कॅमेऱ्याच्या पेटीला लावलं, आणि ज्या काचेतून ते विमान बघतं तिलाही, देवाच्या कपाळाला लावावं तसं बोट लावलं.

हे फिरून आले. टेबलाकडे बघितलं. काय आहे म्हणून विचारलं नाही. बूट काढले, खुर्ची ओढली आणि बसले.

"कुंकू काचेला लावलंत," मी म्हणाले.

"पुसलं होतं गं. आधी कापसानं, मग फडक्यानं. दिसत नव्हतं काही." ते फोटोंकडेच बघत होते. "तेलकट राहिलं असणार. फिल्म आली आणि पहिल्या दोन फोटोंतच कळलं मला."

"मग?"

"मग काय! पुढच्या महिन्यात मला इंग्लंडला जायचं होतं कोर्सला. काचेला कुंकू लावलं म्हणून सांगितलं असतं तर कोर्स गेला असता. आणि हसं झालं असतं ते वेगळंच."

"आणि माझी परीक्षा?"

"तू काय, आज ना उद्या नोकरी सोडणारच होतीस." मग एक फोटो सरळ करत म्हणाले, "आणि कुंकू तुझंच होतं ना."

माणसाला राग येतो म्हणजे काय होतं, ते मला सत्तराव्या वर्षी कळलं. माझे कान गरम झाले. पंचेचाळीस वर्षं या माणसाच्या शर्टांच्या पाठी घासल्या, आणि त्यानं एका सहीत माझा हात माझ्यापासून काढून घेतला होता. वर त्याचा विनोद करून जन्मभर लोकांना वाढला होता. चूक झाली, घाबरले, गप्प बसले, इथपर्यंत मी माफही केलं असतं. पण दुधाचा विनोद कुणी करायला सांगितला होता? हे फोटो माळ्यावर ठेवून, खालच्या खोलीत?

"ठेवलेत कशाला हे?" मी विचारलं.

"टाकवेनात," ते म्हणाले, आणि फोटोवर वाकून, मला दाखवत, "बाकीचा भाग बघ ना किती स्वच्छ आलाय. मळ्यातले खांब मोजता येतात."

खरंच येत होते. फिल्म उत्तम धुतली होती.

मी एकच अट घातली. हे भाषणात सांगायचं. मुलगी ऐकायला येणार होती, मला मेमो देणारे साहेब येणार होते. त्यांच्या कानांवर हे ह्यांच्याच तोंडून जायला हवं होतं. मला हार नको होता, माफी नको होती. माझा हात चांगला होता, एवढंच माझ्या मुलीला कळायला हवं होतं. हे म्हणाले, "सांगतो. शप्पथ." मी तिथल्या तिथे चार ओळी टाइप केल्या, वाचून दाखवल्या. ह्यांनी मान डोलावली आणि त्यातला एक शब्दही सुधारला नाही. मला ते फार मोठं वाटलं. मुलीला मी मुद्दाम काही सांगितलं नाही. तिला तिथेच कळू दे म्हटलं.

भाषणाच्या दिवशी मी सोनेरी काठाची साडी नेसले. पाकीट पर्समध्ये घेतलं, कुणाला बघायचं असेल तर असावं म्हणून. सभागृह शहराच्या दुसऱ्या टोकाला, जुन्या विमानतळाच्या बाजूला. मुलगी व्हाइटफील्डहून ट्रॅफिकला शिव्या देत वेळेवर पोचली आणि माझ्या शेजारी दुसऱ्या रांगेत बसली. साहेब पहिल्या रांगेत, नव्वदीला टेकलेले, कानात यंत्र.

हे छान बोलले. हिंदी, इंग्रजी, मध्ये कन्नड. बर्फावरचं उड्डाण आलं, तेव्हा लोक खुर्चीत पुढे सरकले. एका इंजिनावर परत येण्याचं आलं, तेव्हा टाळ्या पडल्या. मग बेंगळूरची दुरुस्ती, मग चाचणीची उड्डाणं. माझं पान आलं. मी मुलीचा हात धरला. ह्यांनी कागदाकडे पाहिलं, पाणी प्यायले, समोर साहेबांकडे पाहिलं आणि हसले.

"एकदा तर अख्खी फिल्म लॅबमध्ये बिघडली," ते म्हणाले. "पण तक्रार कुणाकडे करणार? धुणारी बाई घरचीच होती! त्या बसल्यात दुसऱ्या रांगेत."

सगळं सभागृह हसलं. लोक मागे वळून प्रेमानं माझ्याकडे बघायला लागले. मुलगी हसली, तिनं माझ्या हातावर चापट मारली. आणि मी हसले. सवयीनं, माझ्या तोंडाला कुणी न विचारता. ते हसू परत आत ओढता येईना, तोवर हे पुढच्या पानावर गेले होते.

कॉफीच्या वेळी मी पाकीट घेऊन साहेबांकडे गेले. पाच फोटो त्यांच्या हातात दिले आणि कानाशी वाकून सांगितलं, माझ्या मेमोतली फिल्म ही, डाग बघा, पाचही फोटोंत एका जागी आहे. त्यांनी चष्मा वर करून एकेक फोटो निरखला. त्यांचा चेहरा फुलला.

"देवनहळ्ळी!" ते म्हणाले. "तेव्हा सगळी द्राक्षंच होती, नाही? आता सगळे घरांचे लेआउट." मग फोटो माझ्या हातात परत देत म्हणाले, "कुठला मेमो, अम्मा?"

मी फोटो पाकिटात घातले. त्यांची बिस्किटं संपली होती, ती आणून दिली.

मुलगी तिथूनच कॅबनं गेली. आम्ही रिक्षा केली. हे खूश होते, गळ्यातली सत्काराची शाल काढून मांडीवर घेऊन बसले होते. बऱ्याच वेळानं माझ्या हातातल्या पाकिटाकडे त्यांचं लक्ष गेलं.

"अगं, ऐन वेळी धीर झाला नाही," ते म्हणाले. "साहेब समोर. सगळा कारखाना समोर. काचेला कुंकू लावलं म्हटलं असतं, तर काय हसले असते सगळे माझ्यावर!"

"एकदाच हसले असते," मी म्हणाले.